बाहेरच्या खोलीची शांतता

नानांच्या ऐंशीव्या वाढदिवसाला दादा-वहिनी अकराला येणार होते, म्हणून साडेदहालाच आले. वेळेआधी पोहोचून समोरच्याला आपणच उशीर केल्यासारखं वाटायला लावणं ही दादांची जुनी खोड. विमा कंपनीच्या सर्व्हेअरकीत तीस वर्षं लोकांची जळकी दुकानं आणि ठोकलेल्या गाड्या बघण्यात गेल्यामुळे कुठल्याही घरात शिरलं की ते आधी नुकसान शोधत. आजही चपला काढता काढता त्यांनी भिंतीवरचा पांढरा पडदा, स्टुलावरचा प्रोजेक्टर आणि धाकट्या भावाचा चेहरा क्रमाने तपासला आणि विचारलं, "काय डायरेक्टर, तयार आहे ना आईचा पिक्चर?"

"तयार म्हणजे... हो," डायरेक्टर म्हणाला.

धाकटी आतून पाण्याचे पेले घेऊन येत होती, ती दारातच थबकली. धाकटी म्हणजे घरातली धाकटी सून, या डायरेक्टरची बायको आणि अठ्ठावीस वर्षांपासून त्याची साउंडवाली. तो कॅमेरा धरायचा, ती हेडफोन चढवून माइकची काठी धरायची. इतकी वर्षं माणसांचे आवाज कानाशी घेऊन बसल्यावर कोण कुठे थापा मारतंय हे कळायला तिला चेहरा बघावा लागत नसे. त्या 'हो'मध्ये काडीचाही दम नव्हता.

दम येणार कुठून? पिक्चर नव्हताच.

'डायरेक्टर' हे नाव त्याला घरच्यांनी दिलेलं, आणि कौतुकाने दिलेलं नव्हे. या तीन नद्यांमधल्या टापूवर त्याने एकेचाळीस माहितीपट केले होते. नावाड्यांवर, दगडखाणीवर, वीटभट्टीवर, बंद पडलेल्या सूतगिरणीवर. एका पुलावर तर दोन, कारण पहिला पुरा झाला आणि पूल पडला. ते रविवारी सकाळी सात वाजता टीव्हीवर लागत, म्हणजे ज्यांना झोप येत नाही ते आणि ज्यांचे चेहरे त्यात आहेत ते, एवढेच लोक बघत. घरच्यांनी एकेचाळीस वेळा त्याला दोनच प्रश्न विचारले होते: यात गाणी नाहीत का, आणि हे संपलं का? बाहेर त्याला मान होता, नाही असं नाही. पितळी ढालींनी एक कपाट भरलं होतं. त्यातली सगळ्यांत वजनदार ढाल न्हाणीघराचं दार वाऱ्याने आपटू नये म्हणून लावलेली असे.

चार महिन्यांपूर्वी सगळे ताईकडे, म्हणजे या दोघा भावांच्या बहिणीकडे, जेवायला जमले होते, तेव्हा दादांनी नेहमीची काडी टाकली. "जगातल्या सगळ्या आयांना कॅमेऱ्यासमोर बसवलंस, आपली तेवढी राहिली."

नानांनी पानावरून मान वर केली. "राहिली कशी? तिचं काहीतरी असेलच की रे तुझ्याकडे."

आणि दादांवरच्या रागात डायरेक्टर बोलून बसला, "काहीतरी काय, भरपूर आहे नाना! तुमच्या वाढदिवसाला अख्खा पिक्चर दाखवतो."

भरपूर म्हणजे किती, ते धाकटीने घरी आल्यावर मोजलं. अकरा सेकंद. आईंना जाऊन दोन वर्षं झाली होती आणि हयातीत त्यांनी कॅमेऱ्याला दाद दिली नव्हती. कॅमेरा आपल्याकडे वळतोय असं दिसलं की त्या पुढे येऊन लेन्सवर तळहात ठेवायच्या. "मी काय बघायची वस्तू आहे का? त्या नावाड्याला बघ, तो एवढ्या लांबून आलाय." तेव्हा एकेचाळीस माहितीपटांच्या कच्च्या चित्रीकरणातून आईंची एक पाठ, एक कोपर आणि सहा वेळा तळहात, एवढाच ऐवज हाती लागला.

इथपर्यंत सगळं हसण्यावारी नेता आलं असतं. पण गेल्या आठवड्यात नाना स्वयंपाकघरात येऊन उगाच उभे राहिले. "धाकटे, पिक्चरमध्ये ती बोलते ना गं?"

"म्हणजे?"

"चेहरा आठवतो. फोटो आहेत. आवाज आठवेनासा झालाय." नाना बस डेपोत टाइमकीपर होते. गाडी आली की वेळ, गेली की वेळ, यापलीकडे मनातलं काही बोलायची त्यांना सवय नव्हती, त्यामुळे ते जमिनीकडे बघत होते. "डोळे मिटून बसतो. ती दिसते, तोंड उघडते, आणि आवाजच येत नाही."

"बोलतात की, नाना," धाकटी म्हणाली. नवऱ्याच्या थापेवर तिने आपली एक थाप चढवली आणि तेव्हापासून तिला अन्न गोड लागत नव्हतं.

अकराच्या ठोक्याला ताई आली. शाळेच्या मुख्याध्यापिका म्हणून निवृत्त होऊन वर्ष झालं तरी ती खोलीत आली की माणसं आपोआप सरळ बसत. तिने नानांच्या हातात फुलं दिली, दादांना पंख्याखालच्या खुर्चीतून उठवून स्वतः बसली आणि म्हणाली, "करा सुरू."

डायरेक्टरने खिडक्या लावल्या. पडद्यावर अक्षरं उमटली: 'आई'. मग नदी आली. संथ पाणी, एक नाव, पलीकडचा काठ. दोन मिनिटं झाली, पाच झाली, नदी वाहतच राहिली.

"आई कधी येणार?" दादांनी विचारलं.

"ही आईच आहे," डायरेक्टर अंधारातून म्हणाला. "म्हणजे, प्रतीक आहे."

"पण आईंना पाण्याची भीती वाटायची," वहिनी म्हणाल्या. "पुलावरून जाताना माझा दंड इतका घट्ट धरायच्या की वळ उठायचा."

नदीनंतर वीटभट्टी आली. ही आईच्या मायेची ऊब होती. त्यानंतर दगडखाण, म्हणजे आईचे कष्ट. ताईने पर्समधून चष्मा काढून लावला. "हा खाणीचा भाग मी पाहिलाय," ती म्हणाली, "आमच्या शाळेत दाखवला होतास. पोरं झोपली होती."

नाना मात्र खुर्चीच्या कडेवर येऊन बसले होते आणि दगडांकडेही आशेने बघत होते.  आणि मग एकदम पडदाभर तळहात आला.

"थांब!" नाना म्हणाले. "मागे घे."

तळहात पुन्हा आला.

"तिचाच. करंगळीपाशी भाजल्याचा डाग बघ. पुन्हा दाखव."

चौथ्या वेळी तळहात बघून झाल्यावर नाना मागे टेकले. "छान आहे रे. आता बोलेल ना?"

डायरेक्टरने प्रोजेक्टर थांबवला. खिडकी उघडली, तेव्हा तो वीटभट्टीत राबून आल्यासारखा दिसत होता. "नाही नाना. एवढंच आहे. मी खोटं बोललो."

मग जे भांडण पेटलं ते या घराच्या लौकिकाला साजेसंच होतं. दादांनी तोंड सोडलं. जगभर उकिरडे फुंकत हिंडलास, घरात आई होती ती दिसली नाही, ऐंशी वर्षांच्या माणसाला आशा लावून ठेवलीस. ताईने प्रत्येक वाक्याला "बरोबर" म्हणून शिक्का मारला. डायरेक्टर मान खाली घालून सगळं ऐकत होता. धाकटी त्याच्या बाजूने बोलायला तोंड उघडणार, तोच वहिनींनी मैदानात उडी घेतली, आणि तीही उलट्या बाजूने.

"आणि तुम्ही हो?" त्या दादांना म्हणाल्या. "तुमच्या फोनमध्ये आईंचा एक व्हिडिओ दाखवा बघू. चेपलेल्या बंपरचे चार हजार फोटो आहेत!"

ताई फिस्सकन हसली. दादा तिच्याकडे वळले. "हसतेस काय? तुझ्याकडे काय आहे?"

"मी तिला रोज फोन करत होते."

"रोज? दर रविवारी! आणि तोही नऊ मिनिटं. नाना वेळ सांगायचे मला."

"नानांनी माझा वेळ मोजला?"

"मी सगळ्यांचाच मोजतो," नाना क्षीण आवाजात म्हणाले, पण ते ऐकायला कुणाला सवड नव्हती. आता दादा विरुद्ध ताई, ताई विरुद्ध वहिनी आणि दादा विरुद्ध स्वतःची बायको अशा तीन आघाड्यांवर एकदमच लढाई चालली होती. मूळ गुन्हेगार बाजूला पडला होता. शेवटी ताईने शाळेत वापरायचा तो आवाज काढला.

"गप्प! एक मिनिट सगळ्यांनी गप्प बसा! या घरात कुणाला एक मिनिट गप्प बसता येत नाही का?"

"नाही येत," धाकटी म्हणाली. आणि तिच्या डोक्यात लख्खकन उजेड पडला. "कधीच आलं नाही! थांबा. कुणी जाऊ नका."

ती धावतच आतल्या खोलीत गेली.

गोष्ट अशी होती. कुठेही बोलणं रेकॉर्ड केलं की तिथून निघण्याआधी साउंडवाल्याने त्या जागेची एक मिनिट शांतता रेकॉर्ड करायची असते. प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते, आणि पुढे बोलण्याचे तुकडे जोडताना मधल्या फटीत त्याच खोलीची शांतता भरली नाही तर कान ठेचकाळतो. डायरेक्टरला स्टुडिओ कधी मिळाला नव्हता. टापूभरातल्या माणसांना तो याच बाहेरच्या खोलीत आणून, नानांच्या याच खुर्चीत बसवून बोलतं करायचा. मग पंखा बंद, फ्रीज बंद, सगळे चिडीचूप, नाना मनगटी घड्याळ घेऊन उभे. साठ सेकंद झाले की त्यांनी म्हणायचं, "झालं."

ते 'झालं' एकदाही आलं नव्हतं. साठ सेकंद गप्प राहणं आईंना झेपतच नसे. दरवेळी त्या स्वयंपाकघराच्या दारातून मध्येच काहीतरी बोलायच्या, धाकटी मनात चरफडायची, आणि रेकॉर्डवर 'वाया' असं लिहून टाकायची. पण तिने आयुष्यात एक आवाज फेकला नव्हता. बुटांच्या खोक्यात एक जुनी डिस्क होती. तिच्यावर पट्टी चिकटवलेली: 'बाहेरची खोली, शांतता, एक ते चव्वेचाळीस. सर्व वाया.'

तिने ती आणून स्पीकरला जोडली. पडद्यावर काहीच नव्हतं, तरी सगळे त्या कोऱ्या पडद्याकडे तोंड करून बसले. आधी तिचा स्वतःचा तरुण आवाज आला: "बाहेरची खोली, शांतता, एक." मग खोलीचा हलका घुमारा. कुणीतरी खुर्चीत चुळबुळलं. आणि मग, कुजबुजत, पण अगदी कानाजवळ:

"पाण्यातून आलात, पाय गारठले असतील. चहा कोण कोण घेणार?"

"एकेचाळीस सेकंद," स्पीकरमधले नाना म्हणाले. "गेलं."

"अहो, मी हळूच बोलले."

"आई, माइकला हळू बोललेलंही ऐकू जातं."

"मग सांग त्याला, बायकांचं बोलणं असं कान देऊन ऐकू नये म्हणावं."

नानांनी डोळे मिटले होते. ओठ हलत होते. खोलीत कुणी त्यांच्याकडे सरळ बघायला धजत नव्हतं.

"तीच," ते म्हणाले. "अशीच बोलायची. अगं, अगदी अशीच. पुढचं लाव."

पुढच्यात आई फ्रीजवरून अडून बसल्या होत्या. "बंद करू नकोस गं, दूध नासेल."

"मी स्कूटरची किल्ली फ्रीजमध्ये ठेवते आई. म्हणजे निघताना किल्ली घ्यायला उघडीन आणि फ्रीज सुरू करायचं लक्षात येईल."

"तुझ्या लक्षात येईल गं, दुधाला काय माहीत आत किल्ली आहे ते?"

दादा खो खो हसले. मग सतरा क्रमांकाच्या शांततेत त्यांचाच नंबर लागला. दगडखाणीतल्या मुकादमाला आई सांगत होत्या, "थोरला येतो, पण मला भेटायला येतो की भिंतीच्या भेगा बघायला, कळत नाही. गेल्या खेपेला माझ्या चष्म्याला तडा गेलाय ते त्याने सांगितलं. मला वाटत होतं, मोतीबिंदू आहे." ताईने टाळी वाजवली. ती टाळी हवेत असतानाच एकोणिसावी लागली. "लेक फोन करते, पण आधी हजेरी घेते. औषध घेतलंस? फिरायला गेलीस? मी सगळ्याला हो म्हणते. पास व्हायचं असतं ना."

"म्हणजे फिरायला जात नव्हती?" ताई किंचाळली.

"कधीच नाही," नाना डोळे न उघडता म्हणाले.

तेविसाव्या शांततेत आईंनी आवाज फारच खाली आणला होता. धाकटीने स्पीकर मोठा केला. "मोठीला सांगू नका हं. चहा तिच्या हातचा माझ्यापेक्षा चांगला होतो. मी दरवेळी पाणचट झालाय म्हणून नावं ठेवते. चांगला म्हटलं तर आली की चहा तिच्याच गळ्यात पडेल. दमून येते बिचारी ऑफिसातून."

वहिनींनी पदर तोंडाला लावला. "बावीस वर्षं," त्या म्हणाल्या. "बावीस वर्षं मी चहाची पावडर बदलत होते हो!" आणि त्या हसता हसता रडायला लागल्या. ताईने, जी आतापर्यंत त्यांच्याशी भांडत होती, त्यांचा हात आपल्या हातात घेतला आणि सोडला नाही.

डायरेक्टर एकटा भिंतीशी उभा होता. त्याच्याबद्दल काही येईना. एकतीस झाली, पस्तीस झाली. मग एकोणचाळिसाव्या शांततेत वीटभट्टीवरच्या एका बाईने आईंना विचारलं, तुमचा हा मुलगा नक्की काय करतो?

"हा ना?" आई विचारात पडल्यासारख्या थांबल्या. "लोकांना आधी बोलायला लावतो, मग गप्प बसायला सांगतो. मला तर बाई काही कळत नाही. पण रविवारी सातला लागतं ना, तेव्हा मी उठते. आवाज बारीक करून बघते, ह्यांची झोपमोड नको. एकही चुकवला नाही. तो पूल पडला तेव्हा दिवसभर जेवण गेलं नाही मला."

"बावन्न सेकंद," स्पीकरमधले नाना म्हणाले. "अगं, आठच राहिले होते!"

डायरेक्टरने भिंतीकडे तोंड केलं आणि एक तार गुंडाळायला घेतली. ती आधीच गुंडाळलेली होती. आपले माहितीपट घरात कुणीतरी न चुकता पाहिले आहेत, हे त्याला पंचावन्नाव्या वर्षी कळत होतं, आणि जिने पाहिले तिला विचारायची सोय उरली नव्हती. दादा उठले, त्याच्यापाशी गेले आणि त्याच्या खांद्यावर हात ठेवावा की न ठेवावा या विचारात असताना त्यांना भिंतीत खरोखरच एक भेग दिसली. पण आज त्यांनी ती गिळली. "चांगलं करतोस रे," ते म्हणाले. "म्हणजे मी पाहिलं नाही. पण करत असशील."

चव्वेचाळीसही शांतता ऐकून झाल्या तेव्हा दीड वाजत आला होता आणि जेवणाची कुणाला शुद्ध नव्हती. डायरेक्टरच्या अंगात आता कामाचं वारं शिरलं होतं. पिक्चर असा करायचा, तो म्हणाला. ही रिकामी खोली, ही खुर्ची, आणि आईचा आवाज. नदी नको, भट्टी नको. "फक्त हे तुकडे जोडायला या खोलीची एक तरी स्वच्छ शांतता पाहिजे. आणि ती आपल्याकडे नाही."

"मग घे की आत्ता," ताई म्हणाली. "आम्ही बसतो गप्प."

"तुम्ही?" धाकटीच्या तोंडून निघून गेलं.

पण सगळे खरंच बसले. पंखा बंद झाला. वहिनींनी फ्रीज बंद केला आणि धाकटीची स्कूटरची किल्ली दुधाच्या पातेल्याशेजारी ठेवली. दादा नाकाने आवाज करत श्वास घेतात म्हणून त्यांना तोंडाने घ्यायला सांगितलं. नाना घड्याळ घेऊन, पूर्वी उभे राहत तिथेच, स्वयंपाकघराच्या दाराजवळ उभे राहिले. धाकटीने हेडफोन चढवले. "बाहेरची खोली, शांतता, पंचेचाळीस."

खोली निवाली. कुणी खाकरलं नाही. खुर्ची करकरली नाही. चाळिसाव्या सेकंदाच्या आसपास सगळ्यांच्या माना न ठरवता स्वयंपाकघराच्या दाराकडे वळल्या, आणि तिथून कुणी काही बोललं नाही. अठ्ठावीस वर्षांत धाकटीला हवी होती तशी, एकही ओरखडा नसलेली शांतता यंत्रावर उतरत होती, आणि ती तिला ऐकवेना. आई गेल्या हे तिला दोन वर्षांपूर्वी डोळ्यांनी कळलं होतं. कानांना ते आत्ता कळलं.

यंत्रावर साठ आकडा आला. तिने नानांकडे पाहिलं. नाना घड्याळाकडे बघत होते. आयुष्यभर एकही गाडी एका मिनिटाने इकडची तिकडे न होऊ दिलेला तो माणूस 'झालं' म्हणेना. सत्तर. नव्वद. दादांनी तोंड उघडलं होतं ते श्वासाला की आणि कशाला, सांगता आलं नसतं. दोन मिनिटं झाली. नानांनी घड्याळ खिशात ठेवलं.

"चहा कोण कोण घेणार?" ते म्हणाले.

क्षणभर कुणाला उमजलं नाही. मग ताईचा हात वर गेला, वर्गात जावा तसा. मग वहिनींचा, दादांचा, डायरेक्टरचा. नाना मान हलवून आत गेले. ऐंशी वर्षांत त्यांनी कधी चहाचं आधण ठेवलं नव्हतं. फ्रीजचं दार उघडल्याचा आवाज धाकटीच्या हेडफोनमध्ये अगदी स्वच्छ आला, आणि पाठोपाठ नानांचा.

"अगं धाकटे, इथे दुधाजवळ तुझी किल्ली आहे! आणि साखर कुठल्या डब्यात असते?"

वहिनी उठायला लागल्या तर ताईने त्यांना धरून खाली बसवलं. "करू दे त्यांना. पाणचट झाला तरी चांगला म्हणायचा."

धाकटीने यंत्र बंद केलं. डोळे पुसले, रेकॉर्डची वही ओढली आणि तारखेखाली नेहमीच्या अक्षरात नोंद केली: बाहेरची खोली, शांतता, पंचेचाळीस. वाया.